सोल: सोंगसू-दोंग पायी – के-पॉप, पॉप-अप आणि बुटांच्या गल्ल्या

पायवाट (धागाकर्ता)

सोलला जाणाऱ्यांच्या यादीत म्योंगदोंग, होंगदे आणि ग्यॉंगबोकगुंग राजवाडा ठरलेला असतो. हल्ली चौथं नाव हमखास येतं ते सोंगसू-दोंगचं. 'टाइम आउट'ने २०२४ साली जगातल्या भन्नाट वस्त्यांची यादी काढली, त्यात ही वस्ती चौथी होती. त्याआधीपासूनच कोरियन तरुणाई शनिवार-रविवारी इथे लोटत होती. आता आपल्याकडची के-पॉपवेडी मुलं आईबाबांना घेऊन इथेच येतात.

बहुतेक जण करतात काय, तर मेट्रोच्या दोन नंबर मार्गिकेने सोंगसू स्थानकावर उतरतात, ३ नंबरच्या दारातून बाहेर पडतात, पहिल्या दिसलेल्या रांगेत उभे राहतात, दिऑरच्या दुकानासमोर फोटो काढतात आणि संध्याकाळी सहाला त्याच दारातून परत शिरायला बघतात. दिवस गेला आणि वस्ती पाहिलीच नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की हा भाग उलट्या बाजूने, म्हणजे पश्चिमेकडून पूर्वेकडे चालावा, मंगळवार ते गुरुवारमध्ये चालावा आणि साडेपाचच्या आत सोंगसू स्थानकापासून लांब असावं.

सुरुवात सोल फॉरेस्ट स्थानकापासून करा (घोषणेत 'सोउल-सुप' असं ऐकू येईल). हे सुइन-बुंदांग मार्गिकेवर आहे. होंगदेहून येत असाल तर दोन नंबर मार्गिकेने वांगसिम्नीला उतरा, गाडी बदला, पुढचंच स्थानक. सुइन-बुंदांगच्या गाड्या दोन नंबरएवढ्या पटापट येत नाहीत. फलकावर बराच वेळ दिसत असेल तर दोन नंबरनेच पुढे त्तुकसॉमला उतरून दहाएक मिनिटं चालत या.

सोल फॉरेस्ट स्थानकाला लागूनच एसएम एंटरटेनमेंट या मोठ्या के-पॉप कंपनीचं मुख्यालय आहे. २०२१ मध्ये ते गंगनम भागातून इथे आलं. इमारतीत वर जाता येत नाही, पण तळघरात 'क्वांग्या@सोल' हे कंपनीचं दुकान आहे आणि ते सगळ्यांना खुलं आहे. एक्सो, एनसीटी, रेड वेल्वेट, एस्पा, राइझ या तिच्या बँडचे अल्बम, लाइटस्टिक (मैफलीत हलवायचे दिवे), कीचेन, पोस्टर सगळं इथे मिळतं. 'क्वांग्या' हे एस्पाच्या गाण्यांमधल्या कल्पित प्रदेशाचं नाव. ज्यांना ते ठाऊक आहे त्यांना दुकानाची सजावट जास्त कळेल, बाकीच्यांना ते चकचकीत दुकानच वाटेल. अर्धा तास पुरतो. खरेदी मात्र सकाळीच करू नका, अल्बमचे खोके दिवसभर खांद्यावर वागवावे लागतात. नवा अल्बम आलेल्या आठवड्यात माल संपायची भीती असते, तेवढाच अपवाद.

बाहेर आलात की सोल फॉरेस्ट उद्यान. २००५ मध्ये खुलं झालं. त्याआधी इथे घोड्यांच्या शर्यतींचं मैदान होतं, ते १९८९ मध्ये ग्वाछॉनला हललं. उद्यानातल्या बाकांकडे लक्ष ठेवा. इथे बाक दत्तक घ्यायची योजना आहे, पैसे भरले की बाकावर आपल्या मजकुराची छोटी पट्टी लागते. चाहत्यांच्या गटांनी आपल्या आवडत्या कलाकाराच्या वाढदिवसाला असे बाक दिलेले आहेत. नकाशावर खुणा शोधत बसण्यापेक्षा पट्ट्या वाचत चाला. उद्यानाच्या हरणांच्या कुंपणाजवळून एक पादचारी पूल निघतो, तो महामार्गावरून थेट हान नदीच्या काठाला उतरतो. चेरीचा बहर एप्रिलच्या सुरुवातीला, गिंकोची पिवळी पानं नोव्हेंबरच्या सुरुवातीला.

उद्यानाच्या पूर्वेला लाल विटांची दोनमजली घरं असलेल्या गल्ल्या आहेत, त्यांना आतेलिए-गिल म्हणतात. तळमजल्यावर कॅफे, दागिन्यांची, अत्तरांची दुकानं. सोंगदोंग-गु (सोंगसू ज्यात येतं तो सोलचा प्रभाग) प्रशासनाने लाल विटांचं बाह्यरूप राखणाऱ्या घरमालकांना अनुदान दिलं, म्हणून ही घरं टिकली. तिथून वांगसिम्नी-रो हा मोठा रस्ता ओलांडून पूर्वेला चालत राहिलं की पंधरा-वीस मिनिटांत यॉनमुजांग-गिल लागते. नकाशावरचे बहुतेक सगळे पॉप-अप हिच्या आजूबाजूला.

दिवसभराचं अंतर इकडेतिकडे भटकणं धरून ५ ते ६ किलोमीटर. सोल एरवी चढउतारांचं शहर आहे, सोंगसू मात्र नदीकाठी असल्याने सपाट आहे.

दुकानं उशिरा उघडतात, साधारण ११ नंतर, काही १२ ला. छोटी दुकानं आणि कॅफे सोमवारी बंद असू शकतात. म्हणून सकाळी उद्यान, दुपारी गल्ल्या.

---

मंजिरी_के

खूपच उपयोगी धागा, वाचनखूण साठवली आहे. मे महिन्यात जायचं ठरतंय, दहावी झालेली लेक आहे बरोबर. तिला 'पॉप-अप' बघायचे आहेत म्हणजे नक्की काय बघायचं असतं? आणि आधी नोंदणी करावी लागते का?

---

गल्लीबोळ

@मंजिरीताई, पॉप-अप म्हणजे थोड्या दिवसांसाठी थाटलेलं दुकान. एखादा ब्रँड, एखादा बँड किंवा नवी मालिका यांच्यासाठी जुना कारखाना किंवा गाळा आठवडा-दोन आठवडे भाड्याने घेतात, आतून पूर्ण नव्याने सजवतात आणि मुदत संपली की उचकटून टाकतात. त्यामुळे 'मे महिन्यात काय असेल' याचं उत्तर आज कोणी देऊ शकत नाही. जायच्या आठवडाभर आधी इन्स्टाग्रामवर सोंगसू आणि पॉप-अप हे दोन्ही शब्द कोरियन लिपीत टाकून शोधा, इंग्रजीत शोधलंत तर मागच्या वर्षीचं दिसत राहतं.

आत जायचे तीन प्रकार असतात.

एक, थेट रांग. साधं, उभं राहा.

दोन, नेव्हर या कोरियन संकेतस्थळावर आधी वेळ राखणं. नेव्हरचं खातं परदेशी फोन नंबरने उघडता येतं, पण काही नोंदण्यांना कोरियन नंबरवरून ओळख पटवावी लागते आणि तिथे गाडी अडते. असं झालं तर वेळ वाया घालवू नका. बहुतेक ठिकाणी नोंदणीवाल्यांबरोबर थेट आलेल्यांनाही थोड्या जागा असतात.

तीन, दारातल्या टॅबलेटवर प्रतीक्षायादीत नाव घालणं. इथे सगळ्यात जास्त लोक अडकतात. टॅबलेट ०१० ने सुरू होणारा कोरियन मोबाइल नंबर मागतो आणि तुमची पाळी आली की काकाओटॉकवर (तिथलं व्हॉट्सअ‍ॅप) निरोप पाठवतो. पर्यटक जे ई-सिम घेतात त्यातले बरेचसे फक्त डेटाचे असतात, त्यांना नंबरच नसतो. म्हणून ई-सिम घेतानाच '०१० नंबरसह' असा प्रकार निवडा. थोडे पैसे जास्त जातात, पण सोंगसूमध्ये ते वसूल होतात. नंबर नसेल तर दारातल्या मुलामुलींना सांगा. ते कधी हाताने नाव लिहून घेतात, कधी अमुक वाजता या म्हणतात.

पाळी आल्यावर पाचेक मिनिटांत पोचला नाहीत तर नाव कटतं. नाव टाकून दूर फिरायला जाऊ नका.

---

टिकलू

आत फुकट वस्तू मिळतात ना? 😀

---

गल्लीबोळ

मिळतात, पण काम करवून घेतात. ब्रँडचं खातं फॉलो करा, आत फोटो काढून स्टोरी टाका, ती काउंटरवर दाखवा, मग पिशवी, नमुना, स्टिकर असं काहीतरी. खातं खासगी असेल तर 'स्टोरी दिसत नाही' म्हणून परत पाठवतात, तेवढ्यापुरतं ते खुलं करावं लागतं. दहावीतल्या मुलीच्या खात्याबाबत ते करायचं की नाही हे आईने आधीच ठरवावं. आईच्या खात्यावरून केलं तरी चालतं.

---

कोरा_कागद

सगळं ठीक, पण एक स्पष्ट बोलू? सोंगसू म्हणजे रांगेत उभं राहून जाहिरात बघणं. शांपूच्या कंपनीची जाहिरात बघायला कोणी तासभर उन्हात उभं राहतं हे मला आजतागायत पटलेलं नाही. के-पॉपच्या नावाखाली हे खपवलं जातं.

---

पायवाट

@कोरा_कागद, अर्धं मान्य. म्हणूनच रांगेचा नियम ठरवून घ्यावा: दिवसाला एकच रांगेचा पॉप-अप, तोही लेकीने निवडलेला. बाकी रांग नसेल तर आत, असेल तर पुढे.

रांगेशिवायची चांगली ठिकाणंही आहेत. आमोरे सोंगसू हे स्थानकाच्या उत्तरेला, जुन्या मोटार-दुरुस्ती गॅरेजात २०१९ साली उघडलं. आमोरे पॅसिफिकच्या प्रसाधनांचे शेकडो नमुने मांडलेले असतात, तोंड धुवायला बेसिन आहेत, हवं ते लावून बघा, कोणी विकत घ्या म्हणून मागे लागत नाही. मधोमध बाग आहे. सोमवारी बंद असतं. 'ऑलिव्ह यंग एन सोंगसू' हे प्रसाधनांच्या साखळीचं दुकान स्थानकाच्या ४ नंबर दाराशी, पाच मजली, नोव्हेंबर २०२४ पासून. तिथे मात्र खरेदीसाठीच जायचं.

दिऑरची २०२२ ची काचेची आणि धातूच्या जाळीची इमारत बाहेरूनच बघायची गोष्ट आहे, दिवे लागल्यावर जास्त चांगली दिसते. टॅम्बुरिन्सच्या दुकानात इमारतीचा काँक्रीटचा सांगाडा उघडा ठेवलाय आणि दुकान त्याच्या खाली आहे. जेंटल मॉन्स्टरचं 'हाउस नोव्हेअर' सप्टेंबर २०२५ मध्ये सुरू झालं, आत हलणारे अवाढव्य यांत्रिक पुतळे आहेत. चष्मा घ्यायचा नसला तरी आत जाता येतं.

---

सोलापूरकर

तुम्ही सगळे नवीन दुकानांबद्दल बोलताय, मूळ सोंगसू राहिलंच. हा भाग हलक्या उद्योगांचा: छापखाने, मोटार गॅरेज, धातुकाम आणि मुख्य म्हणजे बूट. सोलमधल्या हाताने बूट बनवणाऱ्यांचा सगळ्यात मोठा गोतावळा इथे जमला. मोठ्या बूट कंपन्या या बाजूला आल्या, त्यांच्यामागे तळवे, टाचा, बकल, चामडं, चिकटद्रव्य पुरवणारे आले. परळ-लालबागच्या गिरण्यांचं पुढे काय झालं हे ज्यांनी पाहिलंय त्यांना इथली गोष्ट नवीन वाटणार नाही, फरक एवढाच की इथे सगळं पाडलं नाही, बरंचसं तसंच ठेवून आत कॉफी सुरू केली.

ठळक उदाहरण म्हणजे देरिम छांगगो. १९७० च्या दशकातली भाताची गिरणी, मग गोदाम, २०११ च्या सुमारास कार्यक्रमांची जागा, नंतर कॅफे आणि कलादालन. वस्तीचं नाव पसरायला इथूनच सुरुवात झाली असं म्हणतात. स्थानकाच्या उत्तरेचा 'कॅफे ओनियन' हाही जुन्या इमारतीतला, भिंतींचे पोपडे मुद्दाम तसेच ठेवलेत.

चालू कारखाने बघायचे तर यॉनमुजांग-गिलवरून एक गल्ली आत वळा. दारात चामड्याच्या गुंडाळ्या, पत्र्याच्या डब्यांत टाचा, वरच्या मजल्यावरून शिलाई यंत्राचा आवाज आणि चिकटद्रव्याचा वास येतो. आठवड्याच्या दिवशीच. शनिवारी दुपारनंतर शटर खाली, मग तुम्हाला फक्त कॅफे दिसतात आणि वाटतं की कारखाने संपले. म्हणून पायवाट यांच्या मंगळवार-गुरुवारच्या सल्ल्याला +१.

सोंगसू स्थानकातच बुटांची छोटी प्रदर्शनं आहेत, फलाटावरून उतरताना दोन मिनिटं थांबलात तरी पुरे. मेट्रो इथे उन्नत मार्गावर आहे, तिच्या खाली आणि आसपास हाती बनवलेल्या बुटांची दुकानं आहेत. तयार जोडही मिळतात, मापाने बनवून घ्यायचे तर काही दिवस लागतात, म्हणजे सोलमधल्या पहिल्याच दिवशी माप द्यायला हवं. कोरियन माप मिलिमीटरमध्ये असतं, २४०, २५०, २६० असं. पायाची लांबी घरून मोजून जा.

कारागिरांचे फोटो काढायचे तर आधी मान लववून विचारा. नाही म्हणाले तर विषय संपला.

---

निरंजना

जोड देते. वस्ती महाग होऊन जुन्यांना हाकलू नये म्हणून सोंगदोंग-गुने २०१५ मध्ये खास नियमावली केली, कोरियात असं करणारं ते पहिलं स्थानिक प्रशासन. घरमालक, भाडेकरू आणि प्रशासन यांच्यात भाडं आटोक्यात ठेवायचे करार झाले, काही पट्ट्यांत मोठ्या साखळी दुकानांना आळा घातला. पण पॉप-अपने त्याला वेगळ्याच बाजूने सुरुंग लावला. आठवड्याच्या हिशेबाने गाळा देण्यात मालकाला वर्षाच्या भाडेकरूपेक्षा जास्त सुटतं. आज पाहिलेलं दुकान पुढच्या खेपेला नसेल. ब्लॉगवरची यादी घेऊन फिरणाऱ्यांची इथेच फसगत होते. कोणतंही ठिकाण त्या सकाळी नकाशात तपासूनच पाऊल उचला.

---

मंजिरी_के

नकाशा म्हणजे गूगलच ना?

---

निरंजना

नाही, इथेच गोची आहे. कोरियाने सुरक्षेच्या कारणास्तव तपशीलवार नकाशाचा डेटा देशाबाहेर न्यायला वर्षानुवर्षं आडकाठी केली, त्यामुळे तिथे गूगल मॅप्सवर पायी चालण्याचे मार्ग धड मिळत नाहीत अशीच ख्याती आहे. नेव्हर मॅप किंवा काकाओमॅप घ्या. नेव्हर मॅपमध्ये इंग्रजी आहे. दुकानाचं नाव इंग्रजीत सापडलं नाही तर कोरियन लिपीतलं नाव कॉपी करून टाका, नाहीतर सरळ पत्ता टाका. भाषांतरासाठी पापागो.

एक ठरलेली चूक: हान नदीकाठचं त्तुकसॉम उद्यान बघायचं म्हणून लोक दोन नंबरच्या त्तुकसॉम स्थानकावर उतरतात. ते उद्यान तिथे नाही, ते सात नंबर मार्गिकेवरच्या जायांग स्थानकाजवळ आहे. त्या स्थानकाच्या जुन्या नावातही त्तुकसॉम होतं, २०२४ मध्ये ते बदललं, आणि जुन्या लेखांत अजून जुनंच आहे.

दुसरी चूक: सोंगसूहून दोन नंबरची एक शाखा सिन्सॉल-दोंगला जाते. परतताना फलाट बघून चढा. येताना उलट गोष्ट, काही गाड्या सोंगसूलाच संपतात, त्यांना घाबरायचं कारण नाही.

---

पायवाट

भाड्याचं एकदाच लिहून टाकतो. मेट्रोचं मूळ भाडं जून २०२५ पासून टी-मनी कार्डावर (मेट्रो-बससाठी पैसे भरून वापरायचं कार्ड) १,५५० वॉन. कार्ड दुकानातून घ्या, आणि भरायला रोख नोटा जवळ ठेवा, स्थानकातल्या यंत्रांवर परदेशी बँकेच्या कार्डाच्या भरवशावर राहू नका. पर्यटकांसाठी ठरलेल्या दिवसांत हवं तितकं फिरायचं 'क्लायमेट कार्ड'ही आहे: १ दिवस ५,०००, २ दिवस ८,०००, ३ दिवस १०,०००, ५ दिवस १५,०००, ७ दिवस २०,००० वॉन, शिवाय कोऱ्या कार्डाचे ३,०००. एका दिवसात चौथी फेरी झाली की एक दिवसाचं भाडं सुटतं, कार्डाची किंमत वेगळी. नुसतं सोंगसू जाऊन येणार असाल तर टी-मनीच बरं. बसमधून उतरतानाही कार्ड टेकवा, नाहीतर पुढच्या गाडीची सवलत जाते.

हातात कॉफीचा उघडा कप घेऊन बसमध्ये चढू देत नाहीत. कचऱ्याचे डबे रस्त्यावर फारच थोडे. रिकामा कप कॅफेतच परत द्या, नाहीतर स्थानकापर्यंत हातात.

---

टिकलू

फोटोबूथबद्दल कोणीच लिहिलं नाही. ते तर अर्धं के-पॉप आहे.

---

मिरची_गोड

मी लिहिते. 'इन्सेंग नेकट' म्हणजे चार चौकटींची पट्टी, त्याच नावाची साखळीही आहे, आणि तिच्यासारख्या आणखी बऱ्याच. सोंगसूमध्ये दर दुसऱ्या गल्लीत एक. दुकानात माणूस नसतो. क्रम असा:

टोप्या, चष्मे, प्राण्यांचे कान दारात टांगलेले असतात, फुकट वापरायचे आणि परत टांगायचे. मग बूथ निवडा. काही बूथचा कॅमेरा छतावर असतो, काहींची पार्श्वभूमी रंगीत. पडदा ओढा, पडद्यावर भाषा इंग्रजी करा, चौकट निवडा, किती प्रती ते निवडा, पैसे भरा. दोन प्रतींना साधारण ४,००० ते ६,००० वॉन. काही यंत्रं फक्त रोख घेतात आणि सुटे परत देत नाहीत, म्हणून १,००० च्या नोटा ठेवा, दुकानात नोटा मोडायचं यंत्र असतं. मग सेकंदांची उलटी मोजणी सुरू होते, सहा-आठ फोटो निघतात, त्यातले चार निवडायचे. निवडायलाही वेळ मर्यादित असतो, वाद घालत बसलात तर यंत्र स्वतःच निवडतं.

पट्टीवर क्यूआर कोड येतो, त्यावरून फोटो आणि छोटा व्हिडिओ उतरवता येतो. हा कोड थोड्याच काळात मरतो. हॉटेलवर गेल्यावर करू असं म्हणू नका, दुकानाच्या दारातच उतरवा.

कलाकारांसोबतच्या चौकटी ठरावीक मुदतीच्या असतात आणि साखळीच्या प्रत्येक दुकानात नसतात. कोणत्या शाखेत आहे ते त्यांच्या इन्स्टाग्रामवर बघून जा. आणि अशा चौकटीत कलाकाराची जागा आधीच ठरलेली असते, तिथे उभं राहिलात तर त्याचा चेहरा तुमच्या चेहऱ्यावर येतो. सरावाची पट्टी आधी दुसऱ्या साध्या बूथमध्ये काढा.

---

मंजिरी_के

हे वाचून लेक नाचतेय. आता तिचा पुढचा प्रश्न: फोटोकार्डं (कलाकारांच्या फोटोंची छोटी कार्डं) कुठे? आणि 'आयडॉल, म्हणजे के-पॉपचे कलाकार, दिसतील का'?

---

मिरची_गोड

दुसऱ्याचं उत्तर आधी: नाही. एसएमच्या इमारतीसमोर किंवा आछासान-रोवरच्या क्यूब एंटरटेनमेंट या दुसऱ्या के-पॉप कंपनीसमोर ताटकळून काही मिळत नाही, आणि कलाकारांच्या मागावर राहणाऱ्यांना तिथले चाहतेच 'सासेंग' म्हणून वाईट नजरेने बघतात. क्यूब बाहेरून ऑफिसची इमारत आहे, त्यासाठी वाट वाकडी करू नका.

फोटोकार्डं अल्बममध्ये बंद असतात, कोणाचं निघेल ते सांगता येत नाही. एकाच अल्बमच्या अनेक आवृत्त्या असतात. काही दुकानं स्वतःतर्फे वेगळं कार्ड देतात, ते ठरावीक मुदतीत आणि साठा असेपर्यंत. विकत घेण्याआधी काउंटरवर विचारा की आज या अल्बमवर दुकानाचं कार्ड आहे का. एखादं विशिष्ट कार्डच हवं असेल तर अल्बम फोडत बसण्यापेक्षा होंगदेला सुटी कार्डं विकणारी दुकानं आहेत, तिथे जा, स्वस्त पडतं. कार्डासाठी कडक प्लास्टिकचं पाकीट सोबत ठेवा. बॅगेत नुसतं टाकलं की कोपरे दुमडतात आणि मग घरभर शोककळा.

वाढदिवस-कॅफे हाही एक प्रकार बघण्यासारखा आहे, तिथे त्याला 'सेंगका' म्हणतात. कलाकाराच्या वाढदिवसाच्या आसपास दोन-तीन दिवस चाहते एखादा कॅफे घेतात, भिंतीभर फोटो लावतात आणि पेय घेतलं की त्याच्या चित्राचं कागदी कप-वेष्टन आणि एखादं कार्ड देतात. होंगदे-मांगवॉन बाजूला जास्त, सोंगसू-कोनकुक भागातही असतात. कंपनीचा यात संबंध नसतो. तारीख ठाऊक असेल तर एक्सवर कलाकाराचं नाव आणि वाढदिवस-कॅफे हे कोरियनमध्ये शोधा. एका माणसामागे एक पेय घ्यायचंच, एका वेष्टनावर दुसरं मागायचं नाही.

---

सोलापूरकर

पेयावरून: सोंगसूच्या कॅफेंमध्ये 'एका माणशी एक ऑर्डर' हा नियम सगळीकडे आहे. चौघांत दोन कॉफी चालत नाही. आत बसून प्यायचं तर प्लास्टिकचा कप मिळत नाही. प्रसाधनगृहाला बऱ्याचदा आकडी कुलूप असतं, आकडा पावतीवर किंवा काउंटरवर. कॅफेत शिरायचं नसेल तर मेट्रो स्थानकातलं वापरा, फुकट आणि स्वच्छ.

---

चाफेकळी

आमच्यासारख्या शाकाहाऱ्यांनी काय खायचं? की डबा न्यायचा?

---

निरंजना

डबा नको, पण सावध राहा. अडचण मांसापेक्षा रश्श्याची आहे. मुगाच्या वरणासारखं दिसणारं साधं सूपसुद्धा सुकवलेल्या अँचोव्ही मासळीच्या पाण्यात केलेलं असतं. किमचीत खारवलेली कोळंबी किंवा मासळीचा रस. तोकबोकीत (तिखट रश्श्यातल्या तांदळाच्या कांड्या) तोच मासळीचा रस्सा आणि वर माशाच्या पट्ट्या. इन्स्टंट नूडल्सच्या पुडीत गोमांसाचा अर्क. आणि इथला प्रसिद्ध गामजातांग: नावात बटाटा आहे, भांड्यात डुकराच्या पाठीचं हाड. सोंगसूला त्याचं दिवसरात्र चालणारं दुकान आहे, रांगही असते, फसू नका.

चालणारं: किंबाप (समुद्री शेवाळ्यात गुंडाळलेला भाताचा रोल), पण सारण काढायला सांगून. नुसतं 'मांस नको' म्हटलं तर हॅम, खेकड्याच्या चवीची कांडी आणि माशाची पट्टी तशीच राहते, कारण त्यांच्या लेखी ते मांसात मोडत नाही. एकेक नाव घेऊन सांगा: 'हेम, मात्साल, ओमुक प्पेजुसेयो.' अंडं नको असेल तर या नावांत 'ग्येरान'ही जोडा. उरतं गाजर, पालक, मुळ्याचं लोणचं, भात. तिळाचं तेल लावलेलं असतं, चांगलं लागतं. बिबिंबापमधून (भाज्या घालून कालवायचा भात) मांस आणि अंडं काढता येतं, सोबतचं सूप सोडून द्या. कोपऱ्यावरच्या सीयू किंवा जीएस२५ या छोट्या दुकानांमध्ये भाजलेलं रताळं, केळी, सोया दूध मिळतं, तिथला त्रिकोणी किंबाप मात्र बहुधा मासळीचा किंवा मांसाचा. हिवाळ्यात गाडीवरचा होत्तोक, म्हणजे तव्यावरची गोड पोळी, तपकिरी साखर-दालचिनीचं सारण.

पापागोमध्ये कोरियन मजकूर तयार करून त्याचा स्क्रीनशॉट ठेवा: 'मांस, मासे, मासळीचा रस्सा, अंडं खात नाही.' मालकिणीला दाखवा. ती 'जमणार नाही' म्हणाली तर आभार मानून उठा, वाईट वाटून घेत नाहीत.

वेळ: बरीच उपाहारगृहं ३ ते ५ बंद असतात. जेवण दीडच्या आत उरका.

---

चाफेकळी

रताळं म्हणजे उपासाचंही झालं की! धन्यवाद.

---

कोरा_कागद

माझा विरोध थोडा मवाळ झालाय हे नोंदवतो. बुटांच्या गल्ल्यांचं माहीत नव्हतं. बाकी ते कर-परताव्याचं कोणीतरी सांगा, दुकानात पाटी असते पण नीट कळत नाही.

---

पायवाट

एका पावतीवर किमान १५,००० वॉनची खरेदी हवी. 'तत्काळ परतावा' अशी सोय असलेल्या दुकानात कर काउंटरवरच वजा होतो, त्याला एका व्यवहाराची मर्यादा १० लाख वॉनच्या आत आणि पूर्ण प्रवासाची ५० लाख. मूळ पासपोर्ट लागतो, फोनमधल्या फोटोवर भिस्त ठेवू नका. दोघींनी वेगवेगळी १०,००० ची खरेदी केली तर कोणालाच काही नाही, एकाच पासपोर्टवर एकत्र बिल करा. काही ठिकाणी फक्त पावती मिळते आणि परतावा विमानतळावरच्या यंत्रावर घ्यावा लागतो, ती पावती आणि वस्तू दोन्ही हाताशी ठेवा, सामान देऊन टाकल्यावर आठवण येऊन उपयोग नाही.

---

मंजिरी_के

शेवटचा प्रश्न. सासूबाई येणार आहेत, वय ७०, गुडघे दुखतात. त्यांना जमेल का? आणि संध्याकाळची गर्दी खरंच एवढी असते?

---

गल्लीबोळ

गर्दी असते. २०२४ च्या उन्हाळ्यात ३ नंबर दारासमोर घरी जाणाऱ्यांची रांग रस्त्यावर लांबवर गेल्याची छायाचित्रं कोरियाभर फिरली होती. कारण सोपं आहे: स्थानक छोट्या कारखान्यांच्या काळातलं, दारं चारच, आणि आता कार्यालयांचे मनोरे आणि पॉप-अपवाले दोघंही एकाच वेळी, सहाच्या सुमारास सुटतात. आजींना त्यात घालू नका.

जमवायचं असं. सोल फॉरेस्टमध्ये सावली आणि बाक भरपूर, सकाळ तिथे निवांत जाईल. यॉनमुजांग-गिलवर मात्र बसायला जागा नाही, काही भागात पदपथही नाही, मोटारी, सामानाच्या दुचाक्या आणि माणसं एकाच रस्त्यावर. आजी आणि एक मोठं माणूस आमोरे सोंगसूमध्ये किंवा कॅफेत बसले आणि लेक पॉप-अपच्या रांगेत, असे दोन गट करा. सोंगदोंग-गुचे बसथांबे हा मोठा आधार आहे. त्यातले बरेच काचबंद आहेत, उन्हाळ्यात थंड, हिवाळ्यात उबदार, बसायला बाक, फोन चार्ज करायची सोय. बस पकडायची नसली तरी पाच मिनिटं टेकायला कोणी उठवत नाही.

जूनअखेर ते जुलैअखेर पावसाचा मोसम, तेव्हा जाऊ नका. मे उत्तम.

परतीला साडेपाच उलटले असतील तर सोंगसू सोडून पूर्वेकडे कोनकुक विद्यापीठाच्या स्थानकापर्यंत टॅक्सी करा, किंवा पश्चिमेला सोल फॉरेस्टला परत या. तिथून गंगनमच्या दिशेने नदीपलीकडचं पुढचंच स्थानक अपगुजोंग रोडेओ. वर आलात की के-स्टार रोड, बँडच्या नावांची रंगीत अस्वलं रस्त्याकडेला उभी असतात, तिकीट नाही, रांग नाही. लेकीचे फोटो तिथे काढा आणि आजींना शेजारच्या बाकावर बसवा. क्वांग्यामधली खरेदी बाकी ठेवली असेल तर ती या परतीच्या वेळी सोल फॉरेस्ट स्थानकात करा, पण दुकान बंद व्हायची वेळ सकाळीच दारावर बघून ठेवा.